तिसऱ्या खांबापाशी मन्मथअप्पा

“तुझी आई डावखुरी हाय का गं?”

मन्मथअप्पा माझ्याशी बोलले ते हे पहिलं वाक्य. माजलगावचं बसस्टँड, सकाळचे साडेनऊ, कॉलेजचा माझा तिसरा दिवस. आमच्या गावाकडून एसटीनं आलेला डबा न्यायला मी गेले होते. तर धोतर आणि बंडी घातलेले एक म्हातारे गृहस्थ माझा डबा मांडीवर घेऊन बसलेले. सराफानं दागिना बघावा तसे ते डब्याच्या फडक्याची गाठ बघत होते.

“हो,” मी म्हटलं. “तुमाला कुणी सांगितलं?”

“गाठीनंच सांगितलं. फडक्याचा शेव बघ कसा डाव्या अंगाला वळलाय. उजव्या हाताची बाई अशी गाठ मारीत न्हाई.” मग त्यांनी डबा माझ्या हातात दिला आणि तंबी दिली, “चारच्या आत रिकामा, घासलेला आणून दे. आणि एक घासबी मागं ठिवायचा न्हाई. मी हलवून बघत असतो.”

त्या दिवसापासून तीन वर्षं मी त्यांच्यासाठी ‘डावखुरीची’ होते. माझं खरं नाव त्यांना ठाऊक होतं की नाही, मला शंका आहे.

ज्यांनी एसटीच्या डब्यावर शिक्षण केलं नाही, त्यांना हा प्रकार थोडा सांगायला हवा. आमचं गाव उमापूरच्या बाजूला. रात्री मुक्कामाला आलेली गाडी सकाळी सहाला सुटायची. त्याआधी गावातल्या आया उठून भाकरी करायच्या, डबा फडक्यात बांधून ड्रायव्हरच्या हाती द्यायच्या. आमचे ड्रायव्हर सय्यदभाई ते डबे इंजिनाच्या बॉनेटवर ओळीनं मांडायचे. बॉनेटच्या उबेनं माजलगाव येईपर्यंत भाकरी मऊ राहायची. वाटेत प्रत्येक फाट्यावर दोन-चार डबे वाढायचे. खानावळ परवडत नाही आणि खोलीवर चूल नाही, अशा आम्हा पोरापोरींचं जेवण असं रोज सकाळी तिकिटाशिवाय प्रवास करून यायचं.

आता गाडी साडेनऊला लागते आणि कुणाचं कॉलेज आठला सुरू होतं, कुणाचं अकराला. मधल्या वेळात ते डबे सांभाळायचे कुणी? एसटीवाल्यांचं ते काम नाही. कुत्री आहेत, माकडं आहेत, भुकेली माणसंही आहेत. तर ते काम मन्मथअप्पा करायचे. त्यांना कुणी नेमलं नव्हतं. तिसऱ्या खांबाजवळ, पाणपोईला लागून जो सिमेंटचा बाक आहे, तो त्यांचा. मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, त्यांचं किराण्याचं दुकान होतं, ते पोरांच्या ताब्यात गेलेलं. मी एकदा विचारलं, “अप्पा, तुमी हे कावून करता?” तर म्हणाले, “दुकानात पोरं बसू देत न्हाईत, घरात सुना बसू देत न्हाईत. एसटी बसू देती.” याहून जास्त कारण त्यांनी कधी सांगितलं नाही, आणि मीही शोधलं नाही.

दिसायला अप्पा बारीक, ताठ. कपाळावर भस्माचे तीन पट्टे, गळ्यात इष्टलिंगाची चांदीची डबी, डोक्यावर टोपी. बंडीच्या खिशात कागदाची एक पुडी कायम. डबे बाकावर ते गाडीच्या दिशेप्रमाणे लावायचे. गेवराईकडचे एका अंगाला, धारूरकडचे दुसऱ्या अंगाला. कुणाच्याच डब्यावर नाव नसायचं. नाव लिहिलेलं त्यांना आवडायचं नाही. “नाव काय, कुणीबी वाचील,” म्हणायचे. ते फडकं ओळखायचे, गाठ ओळखायचे, वजन ओळखायचे. डबा उचलला की घराची बातमी सांगायचे. “आज तुझ्या बापानं बांधलाय. सुतळी बांधल्यागत आवळलाय बघ. आई माहेरी गेली का?” पोरगं फोन करून विचारायचं तर आई खरंच माहेरी गेलेली असायची. एकीला म्हणाले, “तुझ्या घरी पाव्हणे आलेत. डबा हलका हाय आज.” ती बिचारी लाजली. पण ते थट्टेनं बोलायचे नाहीत. डॉक्टरनं नाडी बघून सांगावं, तसं सांगायचे.

एकच गोष्ट ते कधी करायचे नाहीत. गाठ सोडायचे नाहीत. डबा सांडला, आमटी गळायला लागली, तरी बाहेरून फडक्यानं पुसायचे. “गाठ ज्याची त्यानं सोडावी,” हा त्यांचा कायदा. आणि दुसरा कायदा, डबा चुकीच्या हातात जाता कामा नये. “इतकी वर्षं झाली, एक डबा इकडचा तिकडं झाला न्हाई,” हे वाक्य ते दिवसातून एकदा तरी म्हणायचेच. सय्यदभाई गाडीतून उतरता उतरता त्यांना चिडवायचे, “अप्पा, गिन लो, बारा है. एक भी कम हुआ तो मेरी नौकरी जाएगी और तुम्हारी इज्जत!” अप्पा मोजायचे. खरोखर मोजायचे.

एकदा नवीन पोलीस स्टँडवर आला. भोंग्यावरून सूचना चाललेली, बेवारस वस्तूला हात लावू नका, दिसल्यास कळवा. पोलिसानं बाकाकडं बघितलं. वीस-बावीस गाठोडी आणि त्यांच्यामध्ये अप्पा.

“ओ बाबा, ह्या पिशव्या कुणाच्या? बेवारस दिसतात.”

अप्पांना राग यायचा तो असा, की आवाज अजून खाली जायचा. “बेवारस? साहेब, ह्यातला एकेक डबा पहाटं चारला उठलेल्या बाईनं बांधलाय. बेवारस एकबी न्हाई. तुमचा डबा कुणी बांधलाय, तेवढं सांगा मला.”

पोलीस हसला. पुढं तोही रोज पाणी प्यायला तिथं थांबायला लागला.

आता माझ्याबद्दल थोडं सांगावं लागेल, कारण पुढची गोष्ट त्याशिवाय कळायची नाही. आमच्या घरात दहावीच्या पुढं कुणी गेलेलं नव्हतं. मला कॉलेजला घातलं ते आईनं रेटून. अण्णा, म्हणजे माझे वडील, तयार झाले ते एका अटीवर. आमच्याच गावची एक मुलगी आधी शिकायला माजलगावला होती. तिचे डबे लागोपाठ दोन दिवस भरलेले परत आले. गाडीतून उतरवताना सगळ्या गावानं बघितलं. तिसऱ्या दिवशी तिचा बाप जाऊन तिला घेऊन आला. त्या उन्हाळ्यात तिचं लग्न झालं. अण्णा मला म्हणाले होते, “डबा भरलेला परत आला, की मी समजंन तुझा जीव तिथं लागत न्हाई. दुसऱ्या दिवशी गाठोडं बांधून आणीन. मग रडायचं न्हाई.” अण्णा बोलले ते करणारे. डबा उतरवून घ्यायला संध्याकाळी फाट्यावर तेच यायचे. ही अट अप्पांनाही ठाऊक होती.

म्हणजे माझं शिक्षण त्या स्टीलच्या तीन कप्प्यांच्या डब्यात होतं म्हणा ना.

अप्पांशी एक जुना हिशेब माझ्या मनात होता, तोही सांगते. पहिल्याच दिवाळीच्या सुमारास आईनं जास्तीची धपाटी दिली होती. मी दोन काढून अप्पांच्या पुढं धरली. त्यांनी हात मागं घेतला. “मी घरच्याबिगर खात न्हाई माय. नेम हाय.” दीक्षा घेतल्यापासून चाळीस वर्षं त्यांनी स्वतःच्या घराबाहेरचा घास खाल्ला नव्हता, पूजा झाल्याशिवाय तर घरचाही नाही. हे मला नंतर कळलं. तेव्हा मला एवढंच कळलं, की दिवसभर आमच्या घरचे डबे मांडीवर घेऊन बसणाऱ्या माणसाला आमच्या घरचं चालत नाही. मी स्पष्ट बोलणारी. म्हटलं, “डब्याला हात चालतो, आतलं चालत न्हाई, असंय का?” मी धपाटी त्यांच्यासमोर उभी राहून खाल्ली. त्या वयात माणूस असंच करतो.

पण त्याच महिन्यात दुसरं घडलं. आईचा फोन आला. इकडचं तिकडचं झाल्यावर म्हणाली, “तू डब्यात बत्तासे घालून देतीस ना, लई बरं वाटतं गं. अण्णाबी म्हणले, पोरीला वळण हाय, रिकामं भांडं परत धाडीत न्हाई.”

मी कधी बत्तासा घातला नव्हता. माझ्या डोक्यातही आलं नव्हतं. मी डबा नळाखाली धरायची, दोनदा हलवायची, झाकण लावायची आणि अप्पांकडं द्यायची.

दुसऱ्या दिवशी चारला मी खांबाच्या पलीकडं उभी राहून बघितलं. अप्पांनी रिकामे डबे एकेक करून उचलले. परत जाणाऱ्या डब्यांना फडकं नुसतं गुंडाळलेलं असायचं, गाठ नसायची. झाकण उघडायचं, बंडीच्या खिशातली पुडी काढायची, प्रत्येकात दोन बत्तासे टाकायचे, झाकण लावायचं. बावीस डबे. बावीस आयांना वाटत होतं, आपलं लेकरू शहाणं झालं.

“अप्पा, आई समजती मीच घालते.”

“मग घालीत जा. माझं काम कमी हुईल,” ते म्हणाले आणि पुडी माझ्यापुढं धरली.

मी चार दिवस घातले. पाचव्या दिवशी विसरले. त्यांनी घातले.

दुसऱ्या वर्षाला असताना, दिवाळीनंतर, मला बघायला पाहुणे येणार असं आईनं फोनवर सांगितलं. दोन आठवड्यांनी रविवारी ये, साडी नेस, नुसतं बसायचं हाय, हो-नाही मग बघू. आईचा त्यात दोष नव्हता. अण्णांच्या चुलत्यांनी ते स्थळ आणलेलं, तिला नाही म्हणता येत नव्हतं. पण मला वाटलं, जिनं मला इथं पाठवलं तीच आता फिरली. मी नको ते बोलले. “मी येणार न्हाई. आणि तुझा डबाबी नको मला. धाडू नकोस,” असं म्हणून फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी मी स्टँडवर गेले नाही. त्याच्या दुसऱ्या दिवशीही नाही. काय होणार हे मला पुरतं माहीत होतं. आई डबा धाडणारच, तो भरलेला परत जाणार, अण्णा फाट्यावर उभे असणार, परवा ते माझ्या खोलीच्या दारात. रागात मला तेही चालणार होतं. वडापाव खाऊन मी दाराकडं बघत बसायची. दोन दिवस गेले, तीन गेले. अण्णा आले नाहीत.

चौथ्या दिवशी शेजारच्या खोलीतली मुलगी स्वतःचा डबा घेऊन आली आणि म्हणाली, “ए, अप्पांनी निरोप दिलाय तुला. म्हणले, डावखुरीच्या पोरीला सांग, मेथी पाथरीला निघालेल्या म्हातारीनं खाल्ली. मीठ बरोबर व्हतं म्हणली.”

मला काही कळेना. पाचव्या दिवशी दुसरा निरोप. “दोडक्याची भाजी एका कंडक्टरनं खाल्ली. कडा गावचा हाय. तिखट कमी हाय म्हणला, पण बोटं चाटीत व्हता.” सहाव्या दिवशी, “कोर्टाच्या तारखेला आलेला एक माणूस शेंगाची चटणी कागदात बांधून घिऊन गेला. बायकोला दाखवतो म्हणला.”

तेव्हा माझ्या लक्षात आलं. एक डबा इकडचा तिकडं होऊ न देणारा माणूस माझा डबा रोज परक्या माणसाला खाऊ घालत होता. गाठ न सोडणारा माणूस रोज माझ्या आईची गाठ सोडत होता. आणि डबा रिकामा, घासलेला, बत्तासे घातलेला फाट्यावर जात होता. अण्णा तो हलवून बघत असतील आणि निर्धास्त घरी जात असतील.

तरी मी गेले नाही. हे लिहिताना आज लाज वाटते, पण गेले नाही हे खरं आहे. उलट त्या शेजारच्या मुलीबरोबर निरोप पाठवला, “अप्पांना म्हणावं, उगा कशाला? जाऊ दे ना परत.” त्यावर त्यांचं उत्तर आलं, “तिला म्हणावं, डबा माझ्या बाकावर हाय तवर माझा. तिनं मला शिकवू ने.”

नवव्या दिवशी मी गेले ती भांडायला. डबा परत पाठवा, माझं मी बघेन, असं तोंडावर सांगायचं ठरवून. दुपारचे तीन वाजून गेलेले. त्या आठवड्यात स्टँडवर एक वाईट प्रकार झालेला होता. कुणीतरी एका बाईला पेढा खायला दिला, तिला गुंगी आली, अंगावरचं गेलं. त्यामुळं भोंगा दर पाच मिनिटांनी ओरडत होता, अनोळखी व्यक्तीकडून कोणताही खाद्यपदार्थ घेऊ नका. भिंतीवर तसा फलकही लागला होता, नेमका पाणपोईच्या डोक्यावर.

आणि त्या फलकाखाली अप्पा माझा डबा हातात घेऊन माणसामागं माणूस विचारत फिरत होते.

मी चौथ्या खांबाआड थांबले. एक शाळामास्तर दिसणारे गृहस्थ “नको नको” म्हणत बॅग छातीशी धरून दूर झाले. कॉलेजची दोन पोरं एकमेकांना कोपर मारून हसली. एक म्हणाला, “चल बे, पेढेवाला आला.” अप्पांनी ते ऐकलं. ऐकून न ऐकल्यासारखं केलं. ज्या स्टँडवर त्यांचं आयुष्य गेलं, तिथं लोक त्यांच्याकडं चोराकडं बघावं तसं बघत होते. चारची गाडी पुढं सरकून उभी होती. डबा भरलेला होता.

बाकाच्या टोकाला एक बाई बसली होती, कडेवरून उतरवलेली चार-पाच वर्षांची मुलगी तिच्या गुडघ्याला टेकलेली. शेजारी कोयता गुंडाळलेलं पोतं, पातेलं, अंथरुणाची वळकटी. ऊसतोडीची टोळी पुढं गेली, हिची गाडी चुकली असावी. अप्पा तिच्यासमोर जाऊन उभे राहिले.

“माय, सकाळधरनं बघतोय, लेकरानं काय खाल्लं न्हाई. घरचा डबा हाय. घे.”

बाईनं आधी डब्याकडं बघितलं, मग वरच्या भोंग्याकडं. “नको बाबा. परवाच एकीला लुटलं म्हणत्यात.”

“माझ्याकडं बघून वाटतं का तुला तसं?”

“बघून कुणाचं काय कळतंय?” ती काही चिडून बोलली नाही. साधं बोलली. “तुमी चांगलेबी असाल. पण माझ्या लेकराला काय झालं, तर मी कुठं जाऊ?”

पोरगी मात्र डब्यावरून नजर काढत नव्हती.

मला वाटलं, अप्पा आता मागं फिरतील. त्यांनी टोपी काढून बाकावर ठेवली, आईची गाठ सोडली, झाकण काढलं. पिठलं-भाकरी होती. त्यांनी गळ्यातली चांदीची डबी बंडीच्या आत घातली, एक हात तिच्यावर क्षणभर ठेवला, भाकरीचा तुकडा मोडला, पिठल्याला लावला आणि त्या बाईच्या डोळ्यांदेखत खाल्ला. सावकाश चावला. गिळला. मग अजून एक घास घेतला, वरच्या कप्प्यातल्या चटणीचा, तिला तोही संशय राहू नये म्हणून.

“हे बघ,” ते बाईला म्हणाले, “हितंच बसतो तुझ्यापुढं. मला गुंगी आली तर खाऊ नकोस.”

ती बाई हसली. मग पोरीला मांडीवर घेतलं आणि पहिला घास पोरीला दिला.

चाळीस वर्षांचा तो नेम. धपाटं पुढं केलेल्या माझ्यासाठी त्यांनी तो मोडला नव्हता, ते बरोबरच होतं. मला तेव्हा काही भूक लागलेली नव्हती. त्या दोघी जेवेपर्यंत मी खांबाआडच उभी होते. मग अप्पांनीच बघितलं.

“बघत उबी व्हतीस व्हय? आधी आली असतीस, तर मला खावं लागलं नसतं.”

“अप्पा, चुकलं माझं.”

“ते तुझ्या आईला सांग. आधी डबा घास. पावणेचार झाले.”

बाकाखाली त्यांनी नारळाची शेंडी आणि राख ठेवलेली होती. मी पाणपोईच्या मोरीवर बसून डबा घासला. माझ्या हातांनी बत्तासे घातले, दोन नाही, चार. सय्यदभाईंनी डबा बॉनेटवर ठेवला आणि खिडकीतून म्हणाले, “आज खुद आयी? चलो, अप्पा की नौकरी बच गयी.”

मी रविवारी घरी गेले नाही. आईनं पाहुण्यांना परीक्षा आहे म्हणून सांगितलं. त्या रविवारी परीक्षा नव्हती.

संक्रांतीला गेले तेव्हा चुलीपुढं आम्ही दोघीच होतो. मी म्हटलं, आता सांगून टाकावं. तोंड उघडलं तोवर तीच म्हणाली, “मधी आठ दिवस डबा लई चकचकीत यायचा गं.”

मी चुलीतलं लाकूड पुढं सारलं.

“तू कवा डब्याच्या बुडाला हात लावलास? तुझा डबा म्हंजे कडंला पीठ असणारच. ते आठ दिवस आरशावानी. मला पयल्याच दिवशी कळलं, दुसरंच कुणी खातंय आणि दुसरंच कुणी घासतंय.”

“मग अण्णांना का न्हाई सांगितलंस?”

“सांगितलं असतं तर त्यांनी डबा बंद केला असता, आन तुला आणली असती.” तिनं भाकरी परतली. “आन जे कोण खात व्हतं, त्यानं काय करायचं मग?”

हे मी अप्पांना सांगितलं, तेव्हा ते बराच वेळ बोटांनी टोपीची कड चाचपत राहिले. “म्हंजे माझी घासणी जास्त झाली,” म्हणाले. मग एकटेच हसायला लागले. इतके, की डोळ्यांत पाणी आलं.

त्यांच्या सुनेकडून मला एक गोष्ट नंतर कळली. मोंढ्यात दुकानावर साखर घ्यायला गेले होते, तेव्हा ती म्हणाली, त्या दिवसानंतर मामांजींनी पाच सोमवार निरंकार उपास धरले, पाणीसुद्धा सूर्य मावळल्यावर. मला परत झोंबलं. माझ्या आईच्या पिठल्याचं प्रायश्चित्त? मनात ठेवणं मला जमत नाही. सरळ जाऊन विचारलं, “आमच्या घरचं खाल्लं म्हणून उपास धरले का?”

अप्पांनी डबे लावता लावता मान वर केली. “नेम मोडला म्हणून धरले. खाल्लं म्हणून न्हाई. नेम मी घेतलेला, मी मोडला, त्याचं मी फेडलं. त्यात तुझ्या आईचा काय संबंध?” आणि दोन डब्यांमधलं अंतर बरोबर करत म्हणाले, “पिठल्यात मीठ बरोबर व्हतं.”

मी बी.ए. झाले. निकालाच्या दिवशी पेढे घेऊन बाकाकडं गेले. अप्पांनी पुडा हातात घेतला, कपाळाला लावला आणि शेजारी पाणी पिणाऱ्या पोलिसाच्या हातात दिला. “वाटा सगळ्यांला. म्हणावं, वळखीच्या माणसाचे हायत.”

आता मी बीडला एका कॉलेजच्या ग्रंथालयात काम करते. गावाकडून परत जाताना एकदा मुद्दाम माजलगाववरून गेले. उलटी वाट, तरी गेले. स्टँडला नवीन फरशी झाली आहे. पाणपोईच्या जागी थंड पाण्याची मशीन आहे. सय्यदभाई निवृत्त झाले. पोरांनी खानावळी लावल्या, वसतिगृहं झाली. बाक तिथंच होता. त्यावर पाच डबे होते आणि त्यांच्या मधोमध अप्पा.

फार वाळले होते. डोळ्यांवर जाड काचा, तरी नजर समोरच्या गाडीपर्यंत पोचत नसावी. मी शेजारी जाऊन बसले. माझ्या पिशवीत आईनं वाटेसाठी बांधून दिलेला डबा होता. मी बोलले नाही. डबा पिशवीतून काढून त्यांच्या मांडीवर ठेवला.

त्यांनी आधी वजन घेतलं. मग बोटं गाठीवर गेली. एकदा फिरली, थांबली, परत फिरली.

“उमापूरकडचा,” ते म्हणाले. “आज उशिरा आली का गाडी?” मग बोटानं गाठीचा शेव धरून डावीकडं वळलेला चाचपला, आणि चेहरा उजळला. “डावखुरीचा हाय. बरी हाय बाई. गाठ घट हाय अजून.”

मी “अप्पा” म्हणणार होते. पण त्यांनी डबा उचलून ओळीत लावला, पाच डब्यांच्या शेजारी सहावा, हातानं सरळ केला आणि माझ्याकडं, म्हणजे शेजारी बसलेल्या कुणा बाईकडं, वळून म्हणाले, “तुमी जा बाई, तुमची गाडी चुकंल. मी हाय हितं. पोरगी यील न्यायाला. जरा हट्टी हाय, पण यील.”

मी उठले. चौथ्या खांबापर्यंत गेले. बीडची गाडी लागली होती, कंडक्टर हाका मारत होता. मी जरा वेळ खांबाआड उभी राहिले. मग परत फिरून, पूर्वी यायची तशी भरभर चालत, त्यांच्यासमोर जाऊन उभी राहिले.

“अप्पा, माझा डबा आलाय का?”

“कवाचा आलाय,” त्यांनी न शोधता सहाव्या डब्यावर हात ठेवला. “किती उशीर गं डावखुरीचे? चारच्या आत रिकामा आणून दे.”